नमुना आठ

गिरणेच्या काठी, गावाच्या उगवतीला
आमची पांढर आहे.
उखा बेलदार तिची माती गाढवांवर लादतो,
मिरीग लागायच्या आत
एकेका धाब्यावर चार बोटं खारी पसरतो, चोपतो.
म्हणजे जे गाव खाली गेलं
ते आमच्या डोक्यावर येऊन बसलंय,
आणि घर गळत नाही ते त्याच्या जिवावर.
कधी कधी रात्री माळवदातून
खापराची कपची अंथरुणात पडते.
बायको झाडून टाकते.

मी ग्रामपंचायतीत कारकून.
घरपट्टी, पाणीपट्टी, दिवाबत्ती,
आणि धुडकू शिंपी विरुद्ध कौतिकबाई,
विषय सांडपाणी, वर्ष अकरावं.

वैशाखात उखाचा निरोप आला,
'आप्पा, आठे मोरी निंघनी.'
गेलो. सवयीनं टेप घेतला.

मोरीच होती.
वीतभर रुंद, तळाला विटा,
विटा केवढ्या, एका हातानं उचलेनात.
उतार इतका बेताचा की मी बाटलीतलं पाणी ओतलं
तर ते जरा विचार करून निघालं.
पुढे भाजल्या मातीची कडी, एकावर एक, नऊ मोजली,
खालची दिसेनात.
शोषखड्डा.
आमचा तीन वर्षांपासून मंजूर आहे.
मंजूरच आहे.

बाजूनं गल्ली, सात फूट.
एक बैलगाडी जाईल; समोरून दुसरी आली
तर कुणाला तरी मागं घ्यावी लागेल,
आणि कुणी घ्यायची यावर
त्या गल्लीत काय काय ऐकू आलं असेल
ते मला कागद न बघता सांगता येतं.

एका कड्याच्या काठावर बोटं उठलेली.
चार. अंगठा आतल्या बाजूला.
ओलं असताना उचललं असणार घाईनं,
कुणीतरी हाक मारली म्हणून.

मोरी अकरा हात सरळ आली होती
आणि मग वाकली.
भिंत नाही, दगड नाही, झाडाचं मूळ नाही,
उगाच दोन हात डावीकडे जाऊन
पुन्हा आपल्या रेषेला लागली.
मी म्हटलं, गवंडी प्यायलेला असेल.
उखा हसला नाही.
त्यानं त्या बाकामध्ये बोटांनी माती सारली.

दोन मडकी. आडवी,
तोंडाला तोंड लावून निजवलेली.
एकाचा काठ उडालेला, कड झिजलेली, जुनीच जखम.

'हात नका लाऊ, आप्पा. पोर शे.'

म्हणजे मोरी खणताना त्यांचीही पहार लागली होती.
तेव्हाही ती मडकी जुनीच होती,
त्यांच्या पायाखालचं कुठलं तरी गाव,
नाव नाही, वारस नाही,
तक्रार करायला कुणी येणार नव्हतं.
उतार बसवलेला, विटा मोजून आणलेल्या,
मुकादम काठावर उभा.
आणि तरी कुणीतरी म्हणालं असेल, जरा बाजूनं घ्या.

उखानं माती परत लोटली,
वर तीन थापा मारल्या, धाब्यावर मारतो तशा नव्हे.
गाढवं रिकामी परत नेली.
दिवसाच्या मजुरीचं तो काही बोलला नाही,
मीही विचारलं नाही, त्याची लाज आहे मला.

कचेरीत येऊन नमुना आठचा कोरा कागद काढला.
मिळकत क्रमांक: नाही.
मालकाचं नाव: चार बोटं, एक अंगठा.
भोगवटादार: तोंडाला तोंड लावलेली दोन मडकी.
बांधकाम: विटा-माती. छत: सध्या आमच्या घरांवर.
सांडपाण्याची सोय: आहे.
थकबाकी
इथं पेन थांबलं. ती त्यांच्याकडून यायची की आमच्याकडून,
रकाना मोठा होता, मी लहान आकडाही घातला नाही.

दुसऱ्या दिवशी टेप घेऊन धुडकूच्या दारी गेलो.
कौतिकबाई आधीच ओट्यावर येऊन उभी,
पदर खोचलेला.
म्हटलं, दोन हात डावीकडून नेली तर?
दोघंही एकदमच ओरडले.

बारावं वर्ष लागलं.
कागद खणात आहे, कपचीखाली दाबलेला.
ती आता मी झाडू देत नाही.