एकेचाळीस

ऑगस्टचा शेवटचा रविवार.
एल्डन हाल्वर्सनच्या गराजमध्ये बारा खुर्च्या,
कोपऱ्यात बर्फ उडवायचं यंत्र, अजून झाकलेलं,
आणि पेपर मिलचा तो वास, जो आम्हाला येत नाही,
फक्त पाहुण्यांना येतो.

प्रत्येकाच्या नावावर दोनशे डॉलर.
खरे नव्हेत. खरे पन्नास बिरगिटनं
दारातच कॉफीच्या डब्यात घालून घेतले.
हे दोनशे कागदावरचे.
त्यात सोळा खेळाडू घ्यायचे,
आणि शेवटच्या नावानंतर त्यांचं मोल शून्य.

मी आठवडाभर जेवणाच्या टेबलावर तक्ता मांडून बसलो होतो.
गेल्या मोसमातलं धावणं, वजा घोटा,
वजा नवा प्रशिक्षक, वजा वय
(तिशीतला रनिंग बॅक म्हणजे
उन्हात राहिलेलं लोणी).
प्रिव्हिट: बावन्न. वर एक डॉलर नाही.
हे लाल पेनानं, खाली दोन रेघा मारून,
जसं कधीकाळी फ्रिजवर लिहायचो:
किराणा एकशे दहा. वर नाही.
मिल बंद होती त्या दोन वर्षांत
आम्ही अंथरूण पाहून पाय पसरले नाहीत,
पायच आखूड करून घेतले.

पहिलंच नाव प्रिव्हिट.
चाळीस. पंचेचाळीस. पन्नास, टोइव्हो नखं खात.
बावन्न, मी म्हणालो.
एल्डन म्हणाला, एक वार... दोन वार...
आणि पोस्टातली मर्ना
विणकामावरून नजर न उचलता: त्रेपन्न.

तक्त्यानं माझा हात धरला.
मी गप्प बसलो. ते मला छान जमतं.

मग दुपारभर तेच.
माझ्या आकड्यापर्यंत सगळे माझ्यासोबत चालत यायचे,
तिथून एक पाऊल पुढे टाकून माणूस घेऊन जायचे.
टोइव्होनं एका क्वार्टरबॅकचा भाव उगाच चढवला,
तो त्याच्याच गळ्यात पडला, एकतीसला.
आम्ही टेबल बडवत हसलो,
त्यानं बिअरचा गार डबा कपाळाला लावला.
मला वाटलं, थांबा. यांचे खिसे रिकामे होऊ देत.
मग बाजार माझा.

झाले रिकामे. अगदी ठरल्यासारखे.
पण तोवर फळ्यावर उरली होती
तिसरी फळी:
पाठ धरलेले, नाव कुणाला नीट उच्चारता न येणारे,
दुसऱ्या कुणाचा गुडघा जाईल म्हणून
बाकावर बसून राहिलेले.
त्यांना मी दोन-दोन डॉलरला उचललं.
समोर बोली लावायला कुणीच नव्हतं,
बिनविरोध सरपंच व्हावं तसा मी जिंकत गेलो.
शेवटी एक किकर, ऑस्टिक. एक डॉलर.
पदरी पडलं, पवित्र झालं.

एल्डननं बेरीज केली. चष्मा पुसला. पुन्हा केली.
"वेन्डेल, तुझे एकेचाळीस उरलेत."
कुणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं.
मर्ना सुया गुंडाळत म्हणाली,
"ते घरी नेता येत नाहीत रे."

नदीवरच्या पुलाशी सिग्नल लाल होता. मागेपुढे कोणी नाही.
का कोण जाणे, तो पियानो आठवला,
चर्चच्या जुन्या सामानाच्या विक्रीतला,
वरचा एक सूर मुका.
मी घरूनच ठरवून निघालो होतो: साठ.
कुणीतरी पासष्ट म्हणालं.
आर्डिस म्हणाली, असू दे.
बैठकीच्या खोलीतली ती भिंत
अजून मोकळी आहे,
तिथे काही ठेवायचं आम्हाला सुचलंच नाही.

सिग्नल हिरवा होऊन परत लाल झाला होता.

घरी आलो तर ती घेवडा निवडत बसलेली.
मान वर न करता विचारलं,
तीस वर्षं विचारते तसं,
"किती उरले?"

एकेचाळीस, मी म्हणालो.

"छान," ती म्हणाली,
आणि निवडलेल्या शेंगांचं भांडं
माझ्याकडे सरकवलं.