प्रश्न तिसरा : लिंग बदला

लिझेट आली ती बादली घेऊन.
बादलीत झुआरीचं पाणी आणि अकरा समुद्री गोगलगाई,
चिखलीच्या खडकांवरून ओहोटीला वेचलेल्या.
म्हणाली, मास्तर, एक शब्द हवाय.
चार पानांचं पत्रक काढतेय, किनाऱ्यावरच्या लोकांसाठी.
इम्पोसेक्सला मराठीत काय लिहू?

छत्तीस वर्षं वास्कोत व्याकरण शिकवलेला मी.
लगेच म्हणालो : लिंगबदल.
नाही, म्हणाली, बदल होतच नाही.
मादी मादीच राहते, अंडी तिची तिच्यापाशीच.
वर नराचा अवयव फुटतो,
उजव्या शिंगामागे, कोंबासारखा,
आणि त्याची नळी वाढत वाढत
अंड्यांच्या वाटेवर येऊन बसते.
अंडी आतच काळी पडतात.
कधी ती स्वतःच फुटते.

मी चष्मा पुसला.
उभयलिंगी?
ते जन्मजात. हे वरून आलेलं.
वरून म्हणजे?
तिनं खिडकीबाहेर बोट दाखवलं.

खाडीत बार्जी उभ्या, खनिज उतरवून हलक्या झालेल्या,
तळाचा तांबडा रंग हातभर पाण्याबाहेर.
पूर्वी त्या रंगात कथील असायचं,
कालवं चिकटू नयेत, शेवाळ धरू नये म्हणून.

कथील?
माझी आई कल्हईवाल्याची वाट बघायची.
कथील लागलं की आमटी कळकत नसे.

ते साधं, म्हणाली. ह्याला तीन शेपट्या जोडलेल्या.
मोठ्या तळ्यात चिमूटभर पडलं तरी गोगलगायीला कळतं.
आता बंदी आहे,
पण गाळाला बंदी वाचता येत नाही.

सातवी ब. सहामाही.
मोर : लांडोर. बोका : भाटी.
गोगलगाय मीच घातली होती, खोडी म्हणून;
उत्तर कोरं सोडायचं, शब्द नित्य स्त्रीलिंगी.
रोहिदास चोडणकरानं लिहिलं : गोगलबैल.
मी मोठ्यानं वाचून दाखवलं. वर्ग लोळला.
तांबड्या शाईनं भोपळा.

पुढे तो बार्जींच्या यार्डात लागला,
तळ रंगवायला.
तांबडा रोलर, बावीस वर्षं.

शब्द काही बसेना.
आरोपित लिंग. अधिलिंग. नरारोप.
(गंमत अशी की लिंग हा शब्द स्वतः नपुंसकलिंगी.
हे मी दर जूनमध्ये सांगायचो, कोणी हसायचं नाही.)
कुस्तोदीनमाय शिंपल्यांची पाटी घेऊन दारात टेकलेली,
सगळं ऐकत होती.
तिनं विचारलं, म्हणजे बार्जीवर माती लादतात, तसं?

लादणे.
सकर्मक. त्याला कर्ता लागतो.
कोणी लादलं, हे विचारल्याशिवाय वाक्य पुरं होत नाही,
होतं, एकाच प्रयोगात : कर्मणी.
'लिंग लादले गेले.'
कर्ता हळूच पाण्याखाली.
लिझेट म्हणाली, आमच्या अहवालांत असंच लिहितात.
तुमच्यात प्रयोग म्हणजे हेच, आमच्यात दुसरं काहीतरी.

तरी लिहून काढलं :
लादलिंग, न.
वापर समुद्री गोगलगायींपुरता. माशांना, माणसांना लावू नये.
उदाहरण :
इथं रोहिदासचं नाव घालून पाहिलं.
खोडलं.
त्यानं डबा उघडला, डब्यात काय ते
त्याला कोणी सांगितलं नव्हतं,
आणि मी जे सांगितलं होतं ते शून्य.
यार्डाचं नाव घातलं.
लिझेट म्हणाली, छापणार नाहीत.

जागा कोरी ठेवली.

निघताना बादली उचलली तर एक
काठावर चढून बसलेली, दोन्ही शिंगं बाहेर.
पडेल हो तो, कुस्तोदीनमाय म्हणाली.

ती, मी म्हणालो.
ती पडेल.