मानीव दिनांक

पाकीट मी फोडलं.
लाख इतकी वाळलेली की नख लागताच
टेबलावर तिचा भुगा झाला.
आत अर्धा कागद. त्यावर टंकलेलं नाव:
एस्तर पोन्मलर, निरीक्षक, वजने व मापे, तूत्तुकुडी.
समोर एकच शब्द. पात्र.

अकरा वर्षं तो शब्द लोखंडी कपाटात होता,
खालच्या कप्प्यात, डांबराच्या गोळ्यांशेजारी,
आणि मी वरच्या मजल्यावर,
तिच्या खुर्चीत.

तेव्हा यादीत ती पहिली, मी दुसरा.
त्याच महिन्यात तिजोरीतलं दोनशे ग्रॅमचं
पितळी प्रमाण-वजन जागेवर सापडलं नाही.
मखमलीत एक गोल खड्डा, बस्स.
तिला दोषारोपपत्र, तिच्या नावाला लाख,
माझ्या घरी तिरुनेलवेलीचा हलवा.
मी तो खाल्ला. खोटं कशाला बोलू.

चौकशी अधिकारी तीन झाले.
एकाची धर्मपुरीला बदली, एक निवृत्त,
तिसऱ्याला मोतीबिंदू; तो फाइल नाकाशी धरून वाचायचा,
दर तारखेला पहिल्या पानापासून.
ती मिठागरांवर जायची, काटे तपासायची,
पहाटे धक्क्यावर नेत्तिली मासळीच्या लिलावात उभी राहायची,
आणि व्यापारी हसून विचारायचे,
बाई, आमचं वजन तपासता, तुमचं सापडलं का?

सापडलं. मदुरैच्या प्रयोगशाळेत.
आम्हीच पडताळणीला धाडलेलं.
पोचही आलेली; कुणीतरी ती
डिझेलच्या बिलांत लावून टाकलेली.

परत आलं तेव्हा तिनंच ते चिमट्यानं उचललं
(हात लावायचा नसतो, बोटांचा घामही वजनात धरला जातो),
तराजूत ठेवलं, बराच वेळ काट्याकडे पाहिलं.
मर्यादेत आहे, म्हणाली,
आणि नोंदवहीत तसं लिहिलं.

आता प्रस्ताव माझ्याच टेबलावरून चेन्नैला जायचा.
नियम सांगतो: कनिष्ठाला ज्या दिवशी बढती मिळाली
तो तिचा मानीव दिनांक.
कनिष्ठ म्हणजे मी. मसुद्यात माझं नाव नाही,
फक्त तेवढंच विशेषण.

लेखनिक इसक्किमुत्तुनं शेवटी नेहमीचं वाक्य घातलेलं:
प्रत्यक्ष काम केले नाही,
सबब थकबाकी अनुज्ञेय नाही.

मी तिला बोलावलं. वाटलं, दमली असेल.
निवृत्तीला चार महिने, गुडघे धरलेले,
मान मिळतोय तेवढा घेईल.
म्हणालो, अक्का, तारीख तर मिळतेय.

तिनं पदरानं चष्मा पुसला.
"काम केलं नाही, बरोबर.
करू दिलं नाही, ते कुठल्या ओळीत आहे?
आणि 'आरोप सिद्ध झाले नाहीत' हे नको.
ते वाचलं की लोकांना वाटतं, पुरावा दडवला.
निर्दोष लिहा.
आणि पैसे. सगळे.
मुलीच्या नर्सिंगची फी मी व्याजानं काढून भरलीय.
मान राहू द्या, सार,
एवढी वर्षं तुमच्याकडेच होता."

पंखा फिरत होता. लाखेचा भुगा
कागदावरून सरकत माझ्या बाहीपर्यंत आला.

इसक्किमुत्तुचं वाक्य मी खोडलं.
खाली माझ्या अक्षरात लिहिलं: थकबाकीसह.
चेन्नैत ते टिकेल का, ठाऊक नाही.
तिथे माझ्या अक्षराला किती वजन, तेही नाही.

उठता उठता तिनं अर्जाची दुसरी प्रत पुढे केली.
पोच द्या.
मी म्हटलं, अक्का, माझ्यावर एवढाही...
आणि वाक्य सोडून दिलं.
शिक्का शोधला. पॅड कोरडं, त्यावर पाण्याचे दोन थेंब.
तारीख फिरवून आजची केली. उमटवली.

ती उभ्यानंच शाई वाळेपर्यंत थांबली,
कागद उजेडाकडे धरला,
आणि परत माझ्यापुढे ठेवला.

आवक क्रमांक राहिला, म्हणाली.