दर घनमीटर

फळ्यावर आज पाचशे ऐंशी.
मीच लिहिला, दमट फळ्यावर, खडूने,
त्यामुळे आठाचं पोट जरा सुटलं.

सिबूच्या प्लायवूड गिरणीत माझं काम एवढंच:
सकाळी ओसाकाहून किताओकाचा फोन येतो,
तो आकडा सांगतो, मी मान डोलावते
(त्याला दिसत नाही, तरी),
मग मागच्या दाराशी जाऊन लिहिते.
बारा मिलिमीटर, सेंट्रिंगचा माल, बिनरंगाचा,
जहाजभाड्यासकट, डॉलरमध्ये, दर घनमीटर.

भाव का चढतो, ओंडके सोलणारे विचारतात.
तिकडे घरं बांधायला काढली असतील.
मग उतरतो का?
येन पडला असेल.
कधी वरच्या अंगाला पाऊसच होत नाही,
राजांगचं पाणी ओसरतं,
तराफे कापितच्या वर गाळात बसतात,
तेव्हा तर भाव हमखास चढतो
आणि आमच्या अंगणात सालपटंसुद्धा नसतात.
दात आणि चण्यांची ती जुनी तक्रार,
इथे दर तिमाहीला नव्याने.

मार्चात सहाशे पस्तीस होता.
कॅन्टीनमध्ये मोठा मासा शिजला,
वोंग साहेबांनी चष्म्याची काच बदलली.
एप्रिलात जहाजाचं भाडं वाढलं आणि
वरचे पैसे समुद्रातच राहिले.
मे महिन्यात रात्रपाळी बंद.
एवढं सगळं मी एकाच फडक्याने पुसलं आहे.

न्यांबोंगची आई गाठी काढते.
पापुद्रा उजेडावर धरायचा,
गाठ दिसली की कापायची,
भोकात होडीच्या आकाराचं ठिगळ बसवायचं,
असं, की झाडालाही कळू नये.
तिला पत्र्यामागे सेन मिळतात.
किती, ते फळ्यावर नसतं.
सहा वर्षांत ते चढलंही नाही, उतरलंही नाही.

तरी रोज, डबा उघडण्याआधी,
ती फळ्यापाशी येते. आज किती?
मला आधी वाटायचं, बाई हिशेबी आहे.

मग कळलं, मुलगा नागोयात आहे.
तीन वर्षांचा करार, पिवळं हेल्मेट,
सेंट्रिंग ठोकायचं, काँक्रीट ओतलं की उचकटायचं.
फोन करतो, पण रविवारी, आणि थोडंच बोलतो.
आठवड्याचे बाकीचे दिवस ती
माझ्या अक्षरात वाचते.
सहाशेच्या वर म्हणजे काम आहे, जेवत असेल.
सहाशे वीस म्हणजे दमला असेल.

एकदा त्याने फोटो पाठवला.
ओली राखाडी भिंत, फळी नुकतीच निघालेली,
आणि भिंतीवर लाकडाच्या रेषा, सगळ्या,
जणू सिमेंटने झाड पाठ केलं होतं.
डाव्या कोपऱ्यात एक होडी.
हे ठिगळ माझं, ती म्हणाली.

या नदीवर प्लायवूडच्या अकरा गिरण्या आहेत.
प्रत्येकीत दहा-बारा बायका होड्या बसवतात.
मी ते बोलले नाही.
फळी चार वेळा वापरतात, मग जाळतात,
तेही नाही.
माझ्या निर्यातीच्या वहीत रकाने चौदा आहेत:
जाडी, आर्द्रता, विमा, बंदर.
त्या भिंतीसाठी पंधरावा कुठे आखायचा
ते मला अजून सुचलेलं नाही.

तर आज पाचशे ऐंशी.
किताओकाचा आवाजसुद्धा खोल गेलेला,
पुढच्या महिन्याचं बघू म्हणाला.
हात क्षणभर थांबला माझा.
पाचाचा सहा करायला किती खडू लागतो!
पण दुपारी वोंग साहेब बघणार होते.

ती आली. डबा काखेत.
फळ्याकडे बराच वेळ बघत राहिली,
आठाचं ते सुटलेलं पोटही बघितलं असावं.
मग पदर नसलेल्या खांद्यावरचा भुसा झटकून
म्हणाली,
आज त्याला सुट्टी असेल.
झोपू दे.