पांढरे ठिपके

डबा उघडण्याआधीच कळतं आत काय चाललंय.
वागळे इस्टेट, मागच्या गल्लीतला गाळा,
बाहेर बिस्किटांच्या भट्टीचा गोड वास,
आत व्हिनेगरचा.
फिल्म मरायला लागली की आंबते.
भाचा म्हणतो, मावशी, तुझ्या ओढणीला
चायनीजच्या गाडीचा वास येतो.

लेबल: 'यंत्रावर काम करताना घ्यावयाची काळजी.'
सोळा मिलिमीटर, कृष्णधवल, मुकी.
राबोडीच्या भंगारवाल्यानं किलोवर दिली,
डब्याचा पत्रा वेगळा तोलून.

आकसलेली फिल्म यंत्राच्या दातांवर बसत नाही,
छिद्रं फाटतात.
म्हणून सुती हातमोजे, म्हणून बोटं,
गरम पोळीचा पापुद्रा सोडवावा तशी.
दहा मिनिटं लेथ, गॉगल, कापलेलं बोट, पट्टी.
मग काळं.
मग उरलेल्या शेपटावर,
सरकारी फिल्म वाया जाऊ नये म्हणून
की लेथला कंटाळून, कोण जाणे,
कुणीतरी कॅमेरा घेऊन खाडीवर गेलेला.

मिठागर.
डोक्यावर टोपली, एक बाई बांधावरून येते,
वळते, कॅमेऱ्याला काहीतरी बोलते.
ओठांवरून वाटतं, शिवी. किंवा नुसतं 'सरक'.
साडेसहा फूट. अकरा सेकंद. संपलं.

एका मालिकेला 'जुनं ठाणं' हवं होतं.
सेकंदाचा दर ठरला. अट एकच:
बाई कोण ते शोधा, वारसांची सही आणा.

चेंदणी कोळीवाड्यात दामोदर नाखवांनी
मोबाईल हातभर लांब धरून नऊदा पाहिलं.
"बाय कोनाची ता नाय सांगता येत.
पन ही उघारी आमची.
ह्या दगरावर माझा बापूस बसं."
दहाव्यांदा त्यांनी बाईकडे पाहिलंच नाही,
दगडाकडे पाहिलं,
ज्यावर कुणीच बसलेलं नव्हतं.

नोंदवहीत स्थळ लिहिलं: मिठबंदरची उघाडी.
व्यक्ती: अज्ञात.
खोडून लिहिलं: सरक म्हणणारी बाई.
सरांनी तेही खोडलं.

धूळ पुसायचं काम संगणक रात्रीत करतो.
पांढरा ठिपका दिसला की मिटवतो, विचारत नाही.
सकाळी बघते तर
बाई लख्ख, बांध लख्ख,
आणि टोपली रिकामी.
मीठ पुसून गेलं होतं.

आता पहिल्यापासून, हातानं.
फ्रेम एक ते दोनशे चौसष्ट.
ही बुरशी. हा ओरखडा. हे मीठ, राहू दे.
हा ठिपका? टोपलीतून उडालेला,
की डब्यात पन्नास वर्षांनी उगवलेला?
एकशे बाराव्या फ्रेमला तिच्या भुवईवर एक आहे.
दोन दिवस अडलेय.

काल मालिकेचा फोन आला.
चार सेकंद पुरे, बाई वळायच्या आधीची.
चेहरा नाही म्हणजे सहीही नको.
बरं म्हटलं. बिल पाठवलं.

डबा थंड खोलीत गेला, आठ अंशांवर.
तिथे आंबणं थांबत नाही, रेंगाळतं.
उरलेली सात सेकंद
मी जेवणाच्या सुट्टीत करते, डबा शेजारी ठेवून.
भुवईवरचा ठिपका ठेवलाय.
आज एकशे तेरा.