वीस अंश

सातपूरला बावीस वर्षं मी लोखंडातली भोकं मोजतो.
गेजचं एक टोक आत गेलं पाहिजे, दुसरं जाता कामा नये.
एवढंच. गेज विचारत नाही
कुठल्या मशीनवरून आलास, कोणाच्या हाताखालून.

म्हणून सीईटी मला पटायची.
माझ्या वेळी मुलाखत होती. टेबलामागच्या माणसाने
आधी आडनाव विचारलं, मग वडील काय करतात,
मग पेन्सिल कानामागे खोचली. संपलं.

चंद्रकला गावित आदल्या रात्री आमच्याकडे उतरली.
हॉस्टेल सुट्टीला बंद, आणि सुरगाण्याची पहिली एसटी
आडगावच्या सेंटरला वेळेत पोचवत नाही.
तेजलला तिनेच अकरापर्यंत
फिरत्या चकतीचं गणित समजावलं, वहीच्या मागच्या पानावर.
तेजलच्या क्लासचे हप्ते मी अजून फेडतोय, कॉलेज रोडला.

सकाळी गेटवर दोघींना कानातलं काढायला लावलं.
चंद्रकलाचं निघेना. साबण लावला.

तेजल एक्क्याण्णव पूर्णांक चार.
चंद्रकला एकोणऐंशी.
पेढे पिशवीतच राहिले.

जेवताना तेजल चिडली, ही परीक्षाच बंद करा,
बारावीचे मार्क धरा.
फोन स्पीकरवर होता. चंद्रकला म्हणाली, नको गं.
प्रॅक्टिकलला क्लासवाल्यांना तीसपैकी तीस, मला एकवीस.
कॉम्प्युटर निदान तोंड तरी बघत नाही.
मग जरा थांबून,
काका, पण तुमचं गेज कोण मोजतं?

वर्षातून एकदा जातं, म्हटलं, अंबडच्या लॅबला.
स्टिकर लागतो, तारीख, सही.
आणि मोजायची खोली वीस अंशावर ठेवतात, कायम.
हे सवयीनं बोललो,
आणि घास हातातच राहिला.

मशीनवरून उतरलेला जॉब तापलेला असतो.
बोअर वाढलेला, नको ते टोकही आत जातं.
त्याला काळ्या दगडावर ठेवायचं,
खोलीइतका होऊ द्यायचा, मग गेज.
नवी पोरं घाई करतात,
चांगला माल लाल पेटीत टाकतात.
मी ओरडतो त्यांच्यावर. बावीस वर्षं ओरडतोय.

आज दुसऱ्या पाळीत लाल पेटीतला एक उचलला,
दगडावर ठेवला.
गुरुवारी ऑप्शन फॉर्मची शेवटची तारीख आहे,
चंद्रकलाला सांगायचंय. या वेळी तिकडे रेंज नसते.
पुन्हा लावून बघतो.
जॉब अजून कोमट आहे.