चौथं दार

मगदूमअण्णा म्हणाले, रात्री लावून झोपतो,
सकाळी उघडं असतंय.
मागचं, डाव्या अंगाचं.
घरातनं सांगतात, गाडी वीक न्हाईतर लिंबू बांध.

मी रिमोट दाबला.
तीन दारांनी एकदम हो म्हटलं,
चौथं घशातल्या घशात कुरकुरलं.
परत दाबला. परत तीन.
तिसऱ्यांदा चारही लागली, आणि अण्णा दाराकडं असे बघत राहिले
जसं दवाखान्याच्या पायरीवर ताप उतरलेल्या पोराकडं बघतात.

रात्री उघडत नाही, अण्णा. लागतच नाही.

आधी फ्यूज. ठणठणीत.
असणारच, बाकीची तीन त्याच्यावरच जगतात.
मग दाराच्या सांध्यातली रबरी नळी,
तिथं वायर वाकून वाकून मरते, माणसाच्या गुडघ्यासारखी.
ती पण शाबूत.
टेस्ट लॅम्प लावला, तौफिकला म्हटलं, दाब.
दिवा लुकलुकला.
म्हणजे निरोप पोचतोय,
ऐकणारा बहिरा.

हँडलच्या टोपीमागं एक स्क्रू, हाताच्या टेकूखाली दोन,
मग कडेच्या क्लिपा, पट् पट् पट्,
एक मोडली. एक मोडतेच.
आतला प्लास्टिकचा कागद सोलला
आणि दाराच्या तळाला बोटभर गाळ.
वाळलेला, भेगाळलेला, काळसर,
चिमटीत धरला की पिठासारखा.

हा मला माहीत आहे.
रिलेच्या डब्यातनं, बिलाच्या ड्रॉवरमधनं,
बापाच्या सोल्डरगनच्या पोटातनं
मी हाच काढला होता, चमच्यानं, सात दिवस.
त्या आठवड्यात सगळी सांगली
आयर्विनच्या फुटांत बोलत होती.

गाडी अण्णांनी पुण्यातनं घेतलेली.
एका डॉक्टरीणबाईंची म्हणे, घर ते दवाखाना, बास.
सीट नव्या. मॅट नवे. वास लॅव्हेंडरचा.
ज्यांनी धुतली त्यांनी मन लावून धुतली,
पण दाराच्या आत कोण हात घालतंय.

मोटर निघाली. एवढीशी,
जत्रेतल्या खेळण्यात असते तेवढी.
कार्बन चिकटलेले, कॉम्युटेटर तव्यासारखा काळा,
पांढऱ्या गिअरच्या दातांत माती.
पेट्रोल, जुना टूथब्रश, झिरो पेपरची एक पट्टी,
नखावर मावेल एवढं ग्रीस.
बॅटरीवर लावली: घर्र, पुढं.
वायरी उलटवल्या: घर्र, मागं.
इतकंच येतं तिला. इतकंच पुरतं.

आता सांगू का नको?
मजुरी साडेचारशे.
सांगितलं तर गाडी लाखभरानं उतरते,
आणि अण्णा समोरच्या टपरीवर
दोघातिघांना तिचं ॲव्हरेज सांगत उभे.

ते आले चहा घेऊन.
मी कागद झाकला नाही.
त्यांनी चिमूटभर उचलला,
यार्डात हळकुंडाची पूड बघतात तसा
बोटांत चोळला, नाकाशी नेला.
चहावर साय धरली.

'ही तर हितलीच हाय,' म्हणाले.
मग, बऱ्याच वेळानं,
'कुठवर आलं आसंल?'
मी पत्र्यावर बोट ठेवलं,
काचेच्या खाली चार बोटं.
त्यांनी वाकून स्वतःच्या छातीशी मोजून बघितलं,
का, ते मी विचारलं नाही.
त्यांच्या वखारीत त्या साली किती पोती होती
ते मार्केट यार्डात सगळ्यांना माहीत आहे.

'बाकीची तीन बी खोल.'

पाच वाजता चारही दारं उघडी टाकून
गाडी उन्हात बसली होती,
अंग पुसून झालेल्या म्हाताऱ्यासारखी, निवांत, थोडी ओशाळी.
गाळाची पुडी बांधून अण्णांनी खिशात घातली
आणि पुण्याला फोन लावला.
तिकडनं एक बाई सांगत होती, आपण रांगेत आहात.

मी क्लिपा बसवल्या, मोडलेलीच्या जागी दुसरी शोधली.
दारं लोटली. रिमोट दाबला.
खट्.
चौघांचा मिळून एकच आवाज.
तौफिक हसला.
अण्णांनी ऐकला नसावा,
फोन कानालाच होता.